हक्कसोडपत्रावर सही करण्याआधी

पत्र : मी किनवट तालुक्यातली, वय ३४. मुलगी १३ वर्षांची, मुलगा ९ वर्षांचा. यजमान मूत्रपिंडाच्या आजाराने दीड वर्षापूर्वी गेले. आमची आठ एकर जमीन आजेसासऱ्यांपासूनची आहे. सासरे २००९ मध्ये मृत्युपत्र न करता वारले आणि तेव्हापासून सातबाऱ्यावर थोरल्या भाऊजींचे नाव आहे, नावापुढे ‘ए.कु.मॅ.’ असे लिहिले आहे. भाऊजी म्हणतात, “सातबाऱ्यावर त्याचंच नाव नव्हतं, तर तुझं कुठून येणार?” पुढच्या महिन्यात मला आणि नणंदबाईंना (त्यांचे लग्न २००३ चे) हक्कसोडपत्राच्या सहीसाठी तालुक्याला बोलावले आहे. मला दोन लाख रुपये देऊ आणि मुलांचे शिक्षण करू, असे ते सांगतात. सासूबाई काहीच बोलत नाहीत. पुन्हा लग्न केले तर सगळेच जाते, असे बायका म्हणतात. मी स्वतः २०१६ मध्ये माहेरी भावांना सही दिली आहे, मग इथे कोणत्या तोंडाने मागू? माझ्यासोबत निंदायला येणाऱ्या एका गोंड मैत्रिणीचाही प्रश्न आहे. तिच्या वनपट्ट्यावर एकट्या नवऱ्याचे नाव आहे आणि त्याने तो कागद एका व्यापाऱ्याकडे चाळीस हजारांसाठी ठेवला आहे. तिच्या वडिलांच्या जमिनीतही “आपल्यात लेकीला जमीन नसते” म्हणून भावांनी तिला काही दिले नाही. आम्ही काय करावे?

उत्तर :

ताई, पुढच्या महिन्यात तालुक्याला जाऊ नका. गेलाच तर दुय्यम निबंधकांच्या कार्यालयाची पायरी चढू नका आणि घरीही कोऱ्या किंवा अर्धवट लिहिलेल्या मुद्रांकावर सही अथवा अंगठा देऊ नका. बाकी सगळे सावकाश करता येईल. ही एक गोष्ट मात्र हातून गेली तर परत आणणे फार कठीण आहे. नोंदणीकृत हक्कसोडपत्र फसवून किंवा दबावाखाली घेतले, असे न्यायालयात सिद्ध करावे लागते आणि त्यासाठीचा दावा खरी परिस्थिती कळल्यापासून तीन वर्षांच्या आत लावावा लागतो. गावात राहून, त्याच घरात स्वयंपाक करत, त्याच दिरांविरुद्ध असा पुरावा उभा करणे किती बायकांना जमते, हे तुम्ही जाणताच.

भाऊजींचे म्हणणे तुम्ही जसेच्या तसे लिहून पाठवले, हे बरे झाले, कारण त्यातच त्याचे उत्तर आहे. ज्याचा हक्कच नाही, त्याच्याकडून कोणी हक्क सोडवून घेत नाही. तुमचा आणि नणंदबाईंचा या जमिनीशी काही संबंध नसता, तर दोन लाख रुपये मोजून तुम्हाला सहीला बोलावण्याचे कारणच नव्हते.

‘ए.कु.मॅ.’ ही अक्षरे नीट समजून घ्या. ती ‘एकत्र कुटुंब मॅनेजर’ या शब्दांची आद्याक्षरे आहेत. सासरे गेल्यावर सगळ्या वारसांची नावे लावण्याऐवजी थोरल्या मुलाचे नाव कुटुंबाचा कारभारी म्हणून लावायचे, ही पद्धत आपल्याकडे वर्षानुवर्षे चालत आली आहे. तलाठ्याला ती सोयीची होती, थोरल्या भावाला तर होतीच. पण या नोंदीचा अर्थ जमीन त्यांची झाली असा होत नाही. उलट ही जमीन एकट्याची नसून कुटुंबाची आहे, अशी कबुलीच त्या तीन अक्षरांत आहे. सातबारा हा मुळात महसुलाचा कागद आहे. त्यातील नोंद खरी असल्याचे कायदा गृहीत धरतो, पण ते विरुद्ध सिद्ध होईपर्यंतच. नोंदीमुळे मालकी निर्माण होत नाही आणि नोंद नसल्यामुळे ती संपतही नाही, असे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. तुमच्या यजमानांचा वाटा सातबाऱ्यावर नसला तरी होता आणि तो आज त्यांच्या वारसांकडे आलेला आहे.

आता हिशेब करू, कारण तुमच्या पत्रात भीती पुष्कळ आहे आणि कोणाचा वाटा किती याचा आकडा एकही नाही. सासरे वारले २००९ मध्ये, म्हणजे मुलींना मुलांप्रमाणेच जन्मतः सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मालमत्तेतील जन्मसिद्ध हिस्सेदार, ठरवणारी हिंदू उत्तराधिकार कायद्यातील ९ सप्टेंबर २००५ ची दुरुस्ती लागू झाल्यानंतर. महाराष्ट्राने तर आपल्यापुरता असा बदल १९९४ मध्येच केला होता आणि नणंदबाईंचे लग्न त्यानंतरचे असल्याने त्यांचा हक्क त्याही कायद्याने बसत होता. वडिलोपार्जित जमीन म्हणून सासऱ्यांच्या मृत्यूच्या क्षणी कागदोपत्री वाटणी कल्पिली, तर सासरे, सासूबाई, दोन मुलगे आणि मुलगी असे पाच सारखे हिस्से पडतात. मग सासऱ्यांचा पाचवा हिस्सा त्यांच्या चार वारसांत पुन्हा सारखा वाटला जातो. शेवटी प्रत्येकाच्या वाट्याला चौथाई जमीन, म्हणजे आठातले दोन एकर येतात. समजा, उद्या भाऊजींच्या वकिलाने ही जमीन वडिलोपार्जित नसून सासऱ्यांची स्वतःची होती असा मुद्दा काढला, तरी मृत्युपत्र नसल्यामुळे हिंदू उत्तराधिकार कायदा, १९५६ च्या कलम ८ प्रमाणे पत्नी, दोन मुलगे आणि मुलगी यांना पुन्हा दोन-दोन एकरच मिळतात. तुमच्या घरात हा नेहमीचा मोठा वाद निकालाला फारसा बाधत नाही, ही चांगली गोष्ट आहे.

यजमानांच्या दोन एकरांना वारस चार आहेत : तुम्ही, मुलगी, मुलगा आणि मुलाची आई म्हणून सासूबाई. सारखे वाटले तर प्रत्येकी अर्धा एकर. मुलांचा जन्मसिद्ध हिस्सा आधी वेगळा काढला तर सासूबाईंचा भाग आणखी लहान होतो. तो बारकावा वकिलाने सांगावा. तुमच्या आणि दोन लेकरांच्या वाट्याला मिळून दीड एकर तरी येतो, एवढे धरून चाला. दोन लाखांचा सौदा कसा आहे हे तुमच्या शिवारातला एकराचा भाव पाहून तुम्हीच ठरवा. मुलांच्या वतीने तुम्ही सही करायची, असेही त्या मसुद्यात असेल तर जास्तच सावध राहा; अज्ञान मुलांचा वाटा न्यायालयाच्या परवानगीशिवाय देऊन टाकण्याचा अधिकार आईलाही नाही आणि उद्या सज्ञान झाल्यावर तीच मुले त्याला आव्हान देऊ शकतात.

हा हिशेब मांडताना एक गोष्ट लक्षात आली, जी तुमच्या घरात बहुधा कोणी मोठ्याने उच्चारलेली नाही. भाऊजींचे स्वतःचे दोन एकर आहेत. उरलेल्या सहा एकरांत दोन सासूबाईंचे, दोन नणंदबाईंचे आणि दोन तुमच्या यजमानांच्या वारसांचे. यजमानांकडून येणारा भाग मिळवला तर या घरात सर्वांत जास्त जमीन कोणाची असेल तर ती गप्प बसणाऱ्या सासूबाईंची आहे. हे त्यांना कोणी सांगितले आहे का? मला वाटते, नाही. सगळ्या आयुष्यात त्यांनी पेरणी, निंदणी आणि वेचणी केली ती ‘मालकाच्या’ किंवा ‘पोराच्या’ शेतात. तुम्ही त्यांच्या गप्पपणाचा अर्थ विरोध असा लावला आहे. मला त्यात म्हातारपणी कोणाच्या ताटात जेवायचे ही चिंता दिसते. त्यांच्या हयातीनंतर त्यांच्या वाट्यात तुम्हाला सून म्हणून काही मिळत नाही, पण तुमच्या मुलांना मिळते, हेही ध्यानात ठेवा. म्हणजे सासूबाईंची सही वाचवणे ही तुमच्या लेकरांचीही गरज आहे.

म्हणून वकिलाआधी नणंदबाईंना गाठा. फोनवर नको, त्यांच्या घरी जा किंवा त्या दिवाळीला माहेरी आल्या की बोला. इथे तुमचा शेवटचा प्रश्न येतो : स्वतः भावांना सही दिली, मग इथे कोणत्या तोंडाने मागू? ताई, २०१६ ची तुमची सही स्वखुशीची आणि नोंदणी झालेली असेल तर ती आता उलटवण्याच्या मागे लागू नका. पण ती का दिली हे तुम्हाला आठवत असेल. माहेरची वाट बंद होऊ नये, भाऊबीजेला कोणीतरी दारात उभे राहावे, अडीअडचणीला भाऊ धावून यावा, एवढ्यासाठी आपल्याकडच्या लेकी एकर सोडून साडीचोळीवर समाधान मानतात. नणंदबाईंवरही आज तोच दाब आहे. त्यांना “तुमच्या हक्कासाठी लढा” असे सांगायला जाऊ नका. “मीही अशीच सही दिली होती, आणि आज माझे यजमान नाहीत” एवढेच सांगा. त्या आपला हिस्सा भावाला द्यायला तयार असतील तर तो त्यांचा निर्णय आहे आणि त्याबद्दल त्यांच्यावर रागावू नका. फक्त तो सगळ्यांची नावे लागल्यानंतर, समजून-उमजून व्हावा, एवढा आग्रह धरा. आणि उलट बाजूही स्वीकारा : तुमचे नाव लागताना त्यांचेही लागणार. त्यांना वगळून फक्त आपला वाटा मिळवण्याचा सल्ला मी तुम्हाला देणार नाही.

आता कागदांविषयी. नाव लागणे आणि जमिनीची वाटणी होणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि तुमच्या घरात भांडण होते ते बहुतेक या दोन्ही एकच समजल्यामुळे. तुम्ही आज फक्त पहिली मागा. जमीन एकत्रच राहू द्या, भाऊजी कसत असतील तर कसू द्या, पण वारसांची नावे लागली पाहिजेत. असे म्हटले की बांध घालण्याची, विहिरीच्या पाळीची भीती उरत नाही आणि नकार देणाऱ्याला कारण शोधावे लागते.

तुमच्या बाबतीत एक अडचण आहे. यजमानांचे नाव सातबाऱ्यावर नसल्यामुळे त्यांची वारस नोंद थेट होणार नाही. आधी सासऱ्यांच्या सर्व वारसांची नावे लागून ए.कु.मॅ. ची नोंद निघाली पाहिजे, मग यजमानांच्या जागी तुम्ही तिघे आणि सासूबाई येता. म्हणून ग्रामपंचायतीतून सासऱ्यांचा आणि यजमानांचा असे दोन्ही मृत्यूचे दाखले काढा, चालू सातबारा आणि आठ-अ (खात्याचा उतारा) काढा आणि तहसीलमधून २००९ च्या फेरफाराची, म्हणजे सासऱ्यांनंतर नाव बदलल्याच्या नोंदीची, प्रत मागा. जमीन आजेसासऱ्यांची होती, हे दाखवायला मराठवाड्यात एक चांगला कागद आहे : १९५४-५५ चे खासरा पाहणी पत्रक. हैदराबाद संस्थानाच्या काळातील जुने दप्तर उर्दूत असल्याने लोक त्याला हात लावायला कचरतात, पण अभिलेख कक्षात अर्ज केला की नक्कल मिळते. ही सगळी कागदे जोडून तहसीलदारांच्या नावे अर्ज करा, एक प्रत तलाठ्याकडे, म्हणजे आता ज्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात त्यांच्याकडे द्या आणि दुसऱ्या प्रतीवर तारखेसह पोच घ्या. तोंडी सांगणे आणि “पुढच्या आठवड्यात या” हे ऐकून परतणे, यात बायकांची वर्षे जातात. मयत खातेदारांचे वारस लावण्यासाठी शासनाने २०२५ मध्ये ‘जिवंत सातबारा’ मोहीम काढली. तिचे नाव अर्जात जरूर घाला. भाऊजींनी हरकत घेतली तर प्रकरण मंडळ अधिकाऱ्यांपुढे सुनावणीला जाईल आणि निर्णय विरुद्ध गेला तर ६० दिवसांत उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील करता येते.

या काळात जमीन विकण्याच्या हालचाली दिसल्या तर मात्र थांबू नका; दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावा आणि सोबत मनाई हुकुमाचा अर्ज करावा लागेल. त्याच्या खर्चाची धास्ती घेऊ नका. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ प्रमाणे कोणत्याही स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असले तरी, मोफत वकील मिळतो. तालुका न्यायालयाच्या आवारातच विधी सेवा समितीचे कार्यालय असते. मालमत्तेच्या वादात महिलांना महाराष्ट्रात न्यायालयीन शुल्कही माफ आहे.

पुनर्विवाहाची गोष्ट बायका सांगतात ती जुन्या कलमाच्या ऐकीव आठवणीवर. हिंदू उत्तराधिकार कायद्यातील ते कलम २००५ मध्ये रद्द झाले. एकदा तुमच्या वाट्याला आलेली जमीन त्याच कायद्याच्या कलम १४ प्रमाणे तुमच्या पूर्ण मालकीची आहे. तुम्ही उद्या लग्न केले तरी ती जात नाही. घरातून काढून देण्याची कोणी धमकी दिली तर कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा, २००५ नुसार त्या घरात राहण्याचा हक्क विधवा सुनेलाही आहे आणि तालुक्याच्या संरक्षण अधिकाऱ्यांकडे तक्रार करता येते.

नाव लागण्याने पैशाचाही फरक पडतो. पीक कर्ज, पीक विमा, अतिवृष्टीची मदत हे सगळे सातबाऱ्यावरच्या नावाच्या मागे चालत येते. पंतप्रधान किसान सन्मान निधीचे वर्षाचे ६,००० रुपये १ फेब्रुवारी २०१९ नंतर जमीन घेणाऱ्यांना मिळत नाहीत, पण वारसाने जमीन आलेल्यांना ती अट आडवी येत नाही. २०१५-१६ च्या कृषी गणनेत देशातील वहिती खातेदारांमध्ये स्त्रिया सुमारे १४ टक्के होत्या. शेतात राबणाऱ्या बायकांची संख्या आणि हा आकडा यांची तुलना करायला कोणत्याही शिवारात सोयाबीनच्या निंदणीच्या दिवशी उभे राहिले तरी पुरे.

बायकांच्या नावे जमीन करण्याला भाऊजी ‘शहरातले खूळ’ म्हणाले तर त्यांना एवढेच सांगा की बायकोच्या नावे जमीन करण्याची चळवळ शेतकऱ्यांनीच काढली होती. शेतकरी संघटनेचे १९८६ चे चांदवड येथील महिला अधिवेशन आणि त्यानंतरची शरद जोशी यांची लक्ष्मीमुक्ती मोहीम यांत गावोगावच्या कास्तकारांनी आपणहून बायकांच्या नावे जमिनी केल्या आणि १९९२ मध्ये शासनाला त्यासाठी परिपत्रक काढावे लागले. त्यांच्या वडिलांच्या वयाच्या माणसांना हे ठाऊक असते.

आता तुमच्या मैत्रिणीचा प्रश्न. तो दिसतो तेवढा अवघड नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याचे कलम ४(४) स्वच्छ सांगते की विवाहितांच्या बाबतीत पट्टा, म्हणजे वनजमिनीच्या हक्काचा कागद, पती-पत्नी दोघांच्या नावे नोंदवायचा. पट्ट्याच्या छापील नमुन्यातच जोडीदाराच्या नावाची जागा आहे. तिचे नाव वगळले गेले ती चूक आहे. त्याच कलमाप्रमाणे हा हक्क वारसाने पुढे जातो, पण विकता, गहाण ठेवता किंवा दुसऱ्याच्या नावे करता येत नाही. म्हणजे व्यापाऱ्याकडे फक्त एक कागद आहे, जमीन नाही. नवऱ्याने घेतलेले चाळीस हजार हे त्याचे कर्ज आहे. त्यापायी व्यापारी त्या शेतात नांगर घालू शकत नाही. तिने पट्ट्याची प्रमाणित प्रत उपविभागीय अधिकारी कार्यालयातून मागावी आणि आपले नाव सहधारक म्हणून लावण्याचा ठराव ग्रामसभेत मांडावा. तो पुढे उपविभागीय आणि जिल्हा समितीकडे जातो. वनहक्क समितीत किमान एक तृतीयांश सदस्य स्त्रिया असाव्या लागतात आणि ग्रामसभेच्या गणपूर्तीतही हजर असलेल्यांपैकी एक तृतीयांश स्त्रिया लागतात. तिने पाड्यावरच्या दहा-बारा जणींना सोबत नेले तर ठराव टाळणे अवघड होईल. मोहफुले, तेंदू, डिंक गोळा करणाऱ्या त्याच बायका असतात. ग्रामसभेत मात्र त्या दाराजवळ बसतात.

वडिलांच्या जमिनीबाबत तिच्या भावांचे म्हणणे एका अर्ध्या खऱ्या गोष्टीवर उभे आहे. हिंदू उत्तराधिकार कायदा अनुसूचित जमातींना आपोआप लागू होत नाही, हे खरे. तिथे जमातीची प्रथा चालते. पण छत्तीसगडमधील सुरगुजा भागातल्या एका गोंड कुटुंबाच्याच खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १७ जुलै २०२५ रोजी सांगितले की बायकांना वाटा देणारी प्रथा दाखवा, असे म्हणणे चुकीचे आहे. त्यांना वगळणारी प्रथा सिद्ध झाली नसेल तर समानतेच्या तत्त्वाने मुलीच्या वारसांना वाटा नाकारता येत नाही. त्या प्रकरणात आजोबांच्या जमिनीत वाटा मिळाला तो लेकीच्या मुलांना. तुमच्या मैत्रिणीने लगेच दावा लावावा असे मी म्हणत नाही, कारण तिला आधी नवऱ्याकडचा पट्टा सांभाळायचा आहे आणि एकाच वेळी दोन घरांशी तंटा कोणालाच झेपत नाही. पण भावांनी सही मागितली तर तिनेही देऊ नये.

तुमच्याकडून मला एक कागद हवा आहे. २००९ च्या फेरफाराची प्रत हातात आली की तिचा फोटो या सदराच्या पत्त्यावर पाठवा. सासूबाईंचे आणि नणंदबाईंचे नाव त्यात वारस म्हणून घेतले होते का, घेऊन पुढे सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ या रकान्यात ढकलले का, की मुळात लिहिलेच नव्हते, यावर तुमच्या अर्जाची भाषा बदलेल. तोपर्यंत भाऊजींनी विचारले तर “मुलांच्या वाट्याबद्दल विचारल्याशिवाय मला सही करता येत नाही” एवढेच उत्तर द्या. ते खरेही आहे.